स्टेटसवरचा बंद डबा

समई अर्धी लख्ख झाली होती आणि अर्धी काळीच होती. शोभाताई मोरीजवळ पाटावर बसून चिंचेच्या कोळानं ती घासत होत्या, तेवढ्यात ओट्यावरचा फोन टुणकन वाजला. हात मनगटापर्यंत बरबटलेले. पण शोभाताईंनी करंगळी तेवढी पदराला पुसली आणि करंगळीनंच फोन उघडला.

"आई, चिंच सुकली का डाग पडते जी समईले," मंजुषा, त्यांची सून, कणीक मळता मळता म्हणाली.

"एकच पाहतो वो. सुलोचनाबाईनं काहीतरी टाकलं आहे."

गल्लीतल्या सुलोचनाबाईंचं एक स्टेटस पाहिलं, त्याच्या मागं नागपूरच्या नणंदेची नवी साडी आली, तिच्या मागं कुणाचं तरी चांदपूरच्या मारुतीचं दर्शन, मग कुणाच्या नातवाचा वाढदिवस. पाहून झालं तेव्हा समईवर चिंचेचे तपकिरी ओघळ वाळून बसले होते. शोभाताई पुन्हा घासायला बसल्या, पण मन समईत नव्हतं. नणंदेनं साडी घेतली आणि आपल्याला फोन केला नाही, हे मनात चिंचेसारखंच आंबत राहिलं.

शोभाताई मूळच्या पवनीच्या. वडिलांचा हातमाग होता. घरात पैसा बेताचा, पण मागाच्या खटखटीबरोबर दिवसभर माणसांची ये-जा. कुणाच्या घरी पाहुणे आले, कुणाच्या पोरीचं ठरलं, कुणाची गाय व्याली, सगळं शोभीला सगळ्यांच्या आधी ठाऊक. लग्न होऊन लाखांदूरला आल्या, मोतीलालजींच्या कापडदुकानामागच्या घरात राहिल्या, तरी स्वभाव तोच. डोहाळजेवण असो की सत्यनारायण, शोभाताई सर्वांत आधी हजर आणि सर्वांत शेवटी भांडी पुसून घरी. बोलावणं नसलं तरी चालायचं. त्या जायच्याच, आणि कुणाला त्यांचं जाणं खटकायचं नाही.

मग निरोप फोनवर येऊ लागले. एका संक्रांतीला बाजारओळीतल्या, म्हणजे त्यांच्या गल्लीतल्या, बायांचं हळदीकुंकू ठरलं ते फक्त ग्रुपवर. शोभाताईंकडे तेव्हा बटणांचा फोन. त्या दिवशी त्या घरात तिळगूळ वळत बसल्या आणि सगळी ओळ नटूनथटून देवळात जाऊन आली. दुसऱ्या दिवशी कुणीतरी फोटो दाखवले. सगळ्याजणी होत्या. कुणी मुद्दाम टाळलं नव्हतं. म्हणूनच जास्त लागलं. त्याच आठवड्यात त्यांनी भूपेंद्रला, मुलाला, मोठा फोन आणायला लावला. तेव्हापासून फोन हातातून सुटला नाही. आपण समई घासत असताना सगळं जग कुठंतरी जमलं आहे आणि आपल्यालाच कुणी हाक मारली नाही, ही भीती त्यांच्या पोटात घर करून बसली. सकाळी देवापुढं दिवा लावायच्या आधी फोन पेटू लागला. ओठांवर देवीचं नाव आणि मनात, वडश्याच्या जाऊबाईनं काय टाकलं असेल.

अशा घरात त्या वर्षी भुलाबाई आली.

भुलाबाई म्हणजे आपली पार्वती, आणि भुलोजी म्हणजे भोळा शंकर. भाद्रपदाच्या पुनवेला ती माहेरपणाला येते आणि कोजागिरीला सासरी जाते. महिनाभर ओळीतल्या पोरी घरोघर फिरून तिची गाणी म्हणतात, टिपऱ्या वाजवतात. गाणी झाली की खिरापत. पण खिरापत अशी हातावर मिळत नाही. घरची बाई डबा कानाशी नेऊन खुळखुळ वाजवते, पोरी विचारतात गोड का तिखट, मऊ का कडक, आणि ओळखलं तरच डब्याचं झाकण उघडतं. पवनीला शोभी डब्याच्या आवाजावरून फुटाणे कुठले आणि शेंगदाणे कुठले, ते सांगायची. शोभाताईंच्या सासूबाईंनी जाताना मातीच्या भुलाबाई-भुलोजीची बसायची जागा सुनेच्या हवाली केली होती. इतरत्र तिचं मखर ज्वारीच्या धांडांचं, पण झाडीच्या या धानाच्या मुलखात ज्वारी कुठून मिळायची? म्हणून त्यांच्या घरी मखर धानाच्या लोंब्यांचं व्हायचं. ओळीची भुलाबाई तिथं बसायची आणि कोजागिरीला तिथूनच निघायची. हा मान कुणी कागदावर लिहून दिलेला नव्हता. सगळ्यांना तो ठाऊक होता, एवढंच.

त्या वर्षी मात्र भुलाबाईची पळापळ झाली. सुलोचनाबाईंनी पहिल्याच दिवशी दुपारी खिरापतीचा फोटो स्टेटसवर टाकला. वडश्याहून, म्हणजे जवळच्या मोठ्या गावाहून, आणलेला पिझ्झा! संध्याकाळी पोरी शोभाताईंच्या दारात उभ्या, पण डोळे फोनमध्ये. अर्धं गाणं झालं आणि एक म्हणाली, "चला ना वो, तिकडं थंडा होऊन राहिला." गेल्या सगळ्या. पुढच्या दिवशी तिसऱ्या घरानं पाणीपुरी टाकली, तर पोरी सुलोचनाबाईंच्या दारातूनही अर्ध्या गाण्यावर पळाल्या. ज्या घरी जावं त्या घरी पोरींना वाटे, दुसऱ्या घरी याहून भारी चाललं आहे. कुणाच्याच घरी एक गाणं धड पुरं झालं नाही.

आणि शोभाताईंनी काय केलं? जे सगळ्यांनी केलं तेच. भूपेंद्रला वडश्याला पिटाळून रसमलाईचा केक आणवला आणि तो कापायच्या आधी, पाच बाजूंनी फोटो काढून, स्टेटसवर चढवला. संध्याकाळी पोरी आल्या. शोभाताईंनी हौसेनं डबा कानाशी नेला.

"ओळखा बरं, गोड का तिखट?"

"केक," सगळ्या एका सुरात म्हणाल्या. "रसमलाईचा. वरतून पिस्ता आहे."

डबा शोभाताईंच्या कानाशीच राहिला. पोरींनी केक खाल्ला, हात पुसले आणि गेल्या. मखरात भुलाबाई एकटी. मंजुषा बश्या गोळा करत हळूच म्हणाली, "आई, तुम्हीच तं दुपारी सांगून टाकलं. आता ओळखायचं काय राहिलं?"

शोभाताईंनी रिकामा डबा फळीवर ठेवला. त्या रात्रीच्या स्वयंपाकाला लागल्या, पण भाजीत मीठ दोनदा पडलं.

मग कोजागिरीच्या चार दिवस आधी ग्रुपवर निरोप आला. कोजागिरीला वडश्याला मोठा गरबा, दिव्यांची कमान, फोटो काढायला सजवलेला झोका. सुलोचनाबाईंच्या जावयाची गाडी संध्याकाळी बाजारओळीतून निघणार. कोण कोण येणार? अंगठ्यांची रांग लागली. पोरींचे अंगठे, पोरींच्या आयांचे अंगठे. शोभाताईंचा अंगठासुद्धा सवयीनं वर गेला होता. तो काचेला टेकायच्या आत त्यांची नजर मखराकडे गेली.

कोजागिरीला तर भुलाबाई सासरी जायची!

"अहो," त्या मोतीलालजींना म्हणाल्या, "सारी ओळ वडश्याले चालली. भुलाबाईची पाठवणी कोण करन?"

"तू आहेस ना."

"माझ्या एकटीच्या गाण्यानं लेक सासरी जाते काय? माहेराहून निघताना दारात चार बाया नको? मुकाट्यानं उचलून नदीत सोडू काय तिले?"

मोतीलालजी चांगले गृहस्थ, पण अशा वेळी त्यांना गिऱ्हाईक आठवायचं. ते दुकानात गेले. शोभाताई मखरापुढं बसल्या. सासूबाईंनी शेवटच्या आजारपणात दुसरं काही मागितलं नव्हतं. माझी भुलाबाई वाजतगाजत जाऊ देजो, एवढंच म्हणाल्या होत्या. ही पाठवणी नीट पार पडल्याशिवाय शोभाताईंना घास गोड लागणार नव्हता. त्यांनी ठरवलं, आता खिरापतच अशी मोठी करायची की वडसा फिकं पडावं. आइसक्रीम, मंचुरियन, काय म्हणाल ते.

"आणि सुलोचनाकाकूनं त्याच्यावर काही टाकलं तं?" मंजुषानं विचारलं.

"तं मी त्याच्यावर टाकन."

"अन् वडश्यातल्या झोक्यावर काय टाकसाल जी?"

पोरगी बोलायची कमी, पण बोलली की खिळा ठोकल्यासारखं.

दुसऱ्या दिवशी दुपारी केवळराम ढिवर दारात आला. तळ्यातली मासळी, शिंगाडे घेऊन तो या ओळीत फिरायचा. त्यानं टोपली ओट्यावर ठेवली. टोपलीवर कमळाचं भलं मोठं पान झाकलेलं.

"काय आणलं रे?" शोभाताईंनी फोनवरून नजर न काढता विचारलं.

"ओळखा जी," केवळराम म्हणाला आणि विडी कानामागून काढून बसला.

"शिंगाडे."

"नाही जी."

"मग मासोळी असन."

"मासोळीचा वास तरी येऊन राहिला काय?"

शोभाताईंनी फोन मांडीवर ठेवला. पान उचलायला हात पुढं केला, तर केवळरामनं टोपली मागं ओढली. तेवढ्यात रस्त्यानं जाणारी मंगलाबाई थबकली. "काय आहे वो त्याच्यात?" तिच्या मागून ललिताबाई आली, हातात दळणाचा डबा. "बदकाची अंडी असन." "अंडी काहून झाकन तो?" तिघी टोपलीवर वाकल्या. केवळराम आरामात विडी ओढत राहिला. शेवटी त्यानं पान बाजूला केलं. कमळाची फळं! हिरवी, चाळणीसारखी भोकंभोकं असलेली, एकेका भोकात एकेक दाणा. "आता कोण खाते हे? म्हातारे लोक तेवढे विचारतात," तो म्हणाला. मंगलाबाईनं तोंड वाकडं केलं, ललिताबाई दळणाला गेली.

शोभाताई तिथंच बसून राहिल्या. मांडीवर फोन चार वेळा वाजून गेला होता आणि त्यांनी तो उचलला नव्हता. झाकलेली टोपली! एका पानानं तीन बाया रस्त्यात उभ्या केल्या. उघडं असतं तर कुणी ढुंकूनही पाहिलं नसतं.

"केवळराम," त्या हळू आवाजात म्हणाल्या, "कोजागिरीच्या सकाळी मले हे पोतंभर पाहिजे. मागच्या दारानं आणजो. अन् कोणाले सांगितलं तं याद राख, आमच्या ओळीत तुझी मासोळी विकू देणार नाही."

त्या संध्याकाळी शोभाताईंनी सासूबाईंचा पितळी डबा काढला. कडी असलेला, जुना, जड. तो मखरापुढं ठेवला, झाकण बंद केलं आणि फोटो काढला. खाली लिहिलं: कोजागिरीची खिरापत. ओळखा.

डब्यात त्या वेळी काहीही नव्हतं.

पहिला निरोप सुलोचनाबाईंचाच आला. "काय आहे हो शोभाताई?" मग मंगलाबाईंचा. मग पोरींचे धडाधड. चॉकलेट? पेस्ट्री? बदामशेक? शोभाताईंनी सगळ्यांना एकच उत्तर दिलं: फोनवर ओळखलेलं धरत नाही. गाणी म्हणा, मग ओळखा. चुकलं तर दंड म्हणून एक गाणं आणखी.

दुसऱ्या दिवशी बाजारओळीत दुसरा विषय नव्हता. सुलोचनाबाई ब्लाउजपीस घ्यायच्या निमित्तानं दुकानात आल्या आणि मोतीलालजींना म्हणाल्या, "भाऊजी, तुम्हाले तं माहीतच असन."

"मले काहीच माहीत नाही."

"असं कसं? घरात शिजून राहिलं अन् घरधन्याले माहीत नाही?"

"बाई, माझ्या घरात मले काय शिजलं ते ताटात आल्यावर समजते."

रात्री जेवताना मोतीलालजींनीही बायकोला विचारून पाहिलं. "आतापर्यंत मी तुले कधी काही विचारलं नाही. पण डब्यात काय आहे ते तरी सांग." शोभाताईंनी त्यांच्या ताटात भात वाढला आणि वरणाची वाटी पुढं सरकवली. मोतीलालजींना कळलं की आज बाजू उलटली आहे.

या दोन दिवसांत एक गंमत झाली, ती शोभाताईंच्या उशिरा ध्यानात आली. सकाळी त्यांनी आधी दिवा लावला. फोन कुठं आहे, हे मंजुषानं विचारल्यावर आठवलं. नणंदेनं आणखी एक साडी घेतली होती म्हणे, घेऊ दे. ज्या बाईपाशी साऱ्या गावाला हवं असलेलं गुपित असतं, तिला गाव काय करून राहिलं हे शोधत बसायला वेळ नसतो. वर्षानुवर्षं पोटात बसलेली ती भीती उठून कधी गेली, त्यांना कळलंसुद्धा नाही. आता ती भीती ओळीतल्या साऱ्या घरांत फिरत होती, आणि शोभाताई तिला मखराच्या दिशेनं हाकत होत्या. देवीची करणी, दुसरं काय!

कोजागिरीच्या सकाळी केवळराम पोतं आणि वर भरलेली एक टोपली घेऊन मागच्या दारानं आला. दुपारभर सासू-सुनेनं दार लावून फळं फोडली, दाणे काढले. दाणा सोलला की आत पांढरा, खोबऱ्यासारखा गोड, आणि मधोमध कडू हिरवा कोंब. तो काढून टाकायचा. काही दाणे तसेच कोवळे ठेवले, काही तुपात परतून त्यांना गुळाच्या पाकात घोळवलं. डब्यात तळाला, कडेला, वर, सगळीकडं मऊ धोतर दाबून भरलं, म्हणजे डबा हलवला तरी आवाज नको. उरलेलं मोठ्या पातेल्यात, झाकून.

"आई, कोणी आलंच नाही तं?" मंजुषानं विचारलं.

"तं आपण दोघी गाऊ. पण येतीन."

सांगितलं खरं, पण दिवेलागणीला शोभाताई आत-बाहेर करत शेवटी दारात येऊन उभ्या राहिल्या. सुलोचनाबाईंच्या जावयाची गाडी ओळीत येऊन थांबली होती. पोरी घागरे घालून, कपाळाला टिकल्यांची नक्षी लावून घराघरातून बाहेर पडत होत्या. त्या गाडीकडे निघाल्या. मग त्यातली एक थांबली. "दोन मिनिटं जाऊन येऊ ना. डब्यात काय आहे तेवढं पाहून जाऊ."

"दोनच मिनिटं हं," सुलोचनाबाई म्हणाल्या आणि स्वतः सगळ्यांच्या पुढं चालू लागल्या.

दारात मंजुषा सूप घेऊन उभी. "फोन याच्यात."

"काहून?"

"ओळखलं का लगेच कोणी फोटो टाकन. मग मागून येणाराईनं काय करावं?"

कुरकुर झाली. पण आत डबा होता. एकेक फोन सुपात पडला. सुलोचनाबाईंचा सर्वांत शेवटी, जसं काही दागिना गहाण ठेवून राहिल्या.

पहिलं गाणं झालं. पोरींना अर्धं येत होतं, उरलेलं आयांनी पुरं केलं. शोभाताईंनी डबा उचलला, कानाशी नेला, हलवला. काही आवाज नाही. पोरी एकमेकींकडे पाहू लागल्या.

"गोड का तिखट?"

"गोड."

"केक!"

"चूक. गाणं म्हणा."

दुसरं गाणं झालं. "रसगुल्ला!" चूक. तिसरं. "पेढे!" चूक. चौथ्या गाण्यापाशी पोरींचा साठा संपला. मंगलाबाई म्हणाली, "थांबा, माझ्या आईचं एक होतं." ती आठवू लागली, अडली, ललिताबाईनं पुढची ओळ लावून दिली. भुलाबाईच्या सासरचं गाणं, रुसव्याचं गाणं, कारल्याच्या वेलाचं गाणं. जी गाणी कित्येक वर्षं कुणी म्हटली नव्हती ती एकेक करून बाहेर येऊ लागली. टिपऱ्या कमी पडल्या तर पोरींनी लाटणी घेतली. घागरे खरोखरच भुलाबाईभोवती फिरू लागले.

बाहेर गाडीचा भोंगा वाजला.

"जाऊ या का?" एका पोरीनं विचारलं.

"तू जाय. मी गेली अन् इकडं कोणी ओळखलं तं?"

"मग मीच एकटी काहून जाऊ?"

भोंगा पुन्हा वाजला. सुलोचनाबाई ताडकन उठल्या. शोभाताईंना वाटलं, या उठल्या म्हणजे गाडी भरली, आणि भुलाबाई राहिली अर्ध्यावर. सुलोचनाबाई दारात गेल्या, बाहेर तोंड काढलं आणि ओरडल्या, "जावईबापू, भोंगा काहून वाजवून राहिले जी? तुम्ही जाऊन या! आमचं इथं महत्त्वाचं चालू आहे!"

घरात असा हशा उसळला की मखरातल्या लोंब्या हलल्या. गाडी निघून गेली. सुलोचनाबाई परत येऊन मांडी ठोकून बसल्या. "आता आण तो डबा इकडं. मी वासावरून सांगतो." वास घेतला. "नारळाची बर्फी."

"चूक. गाणं तुम्हीच म्हणा."

"मले गाता येत नाही वो!"

"पिझ्झा आणता येते, गाणं येत नाही?"

सुलोचनाबाईंनी भसाड्या आवाजात म्हटलं. पण म्हटलं, आणि त्यांच्या माहेरच्या चालीवर म्हटलं. ती चाल या ओळीत कुणी ऐकलीच नव्हती. पोरींनी ती त्यांच्याकडून दोनदा म्हणवून घेतली.

चंद्र कौलांच्या वर आला तेव्हा ओट्यावर दीपमाला येऊन उभी राहिली. सरकारी दवाखान्यात नर्स, मंजुषाची मैत्रीण, ड्युटीवरून घरी चालली होती. तिच्या घरी बुद्धवंदना, भुलाबाई नाही. "मी पूजेले नाही आली हं, मावशी," ती हसत म्हणाली. "दवाखान्यात दोन दिवसांपासून डब्याचीच चर्चा. पेशंटसुद्धा विचारून राहिले. म्हटलं पाहून तरी जावं."

"ये ना, बस. ओळखायला धर्म लागत नाही."

"पण गाणं म्हणावं लागते," पोरी ओरडल्या.

"आधी ओळखू तं द्या." दीपमालानं डबा हातात घेतला. हलवला नाही. वजन पाहिलं, झाकणाच्या फटीला नाक लावलं, आणि तिचा चेहराच बदलला. "दिघोरीले आमच्या आबाजीच्या धोतराले असा वास यायचा. तळ्यातून येत तेव्हा. तळ्याचा वास." तिनं पुन्हा एकदा वास घेतला. "कमळाचे दाणे आहेत ना?"

पोरी डब्याभोवती दाटल्या. मग शोभाताईंनी झाकण उघडलं.

जो गलका झाला तो पार बसस्टँडपर्यंत गेला असेल. म्हाताऱ्या बायांनी मुठी भरल्या. "माय वो, किती वर्षांनी!" पोरींनी आधी नाक मुरडलं, मग एक दाणा खाल्ला, मग पातेल्याकडे धावल्या. मोतीलालजी दुकान बंद करून आले आणि दारातूनच हात पुढं केला. मंजुषानं त्यांच्या हातावर दाणे ठेवले तेव्हा ते म्हणाले, "एवढ्यासाठी तीन दिवस माझी झोप घालवली?" आणि आणखी मागितले.

आटवलेलं दूध चंद्राखाली ठेवलं होतं. साऱ्या ओळीनं मिळून भुलाबाईच्या पाठवणीची तयारी केली, ओटी भरली, शेवटचं पाठवणीचं गाणं म्हटलं. ते सगळ्यांना येत होतं, कारण आतापर्यंत सगळ्यांचे गळे तापले होते. सुपातले फोन कधीपासून एकसारखे वाजत होते. कुणी उचलायला गेलं नाही. शेवटी मंजुषानं सूप उचलून आतल्या खोलीत नेलं, आवाजात गाणं ऐकू येईना म्हणून.

निघताना सुलोचनाबाई दारात थांबल्या. "शोभाताई, पुढच्या वर्षी पहिल्या दिवसाची खिरापत माझ्याकडं. पण फोटो नाही टाकणार. डोकं फुटलं तरी कोणाले सांगणार नाही."

"मलेसुद्धा?"

"तुम्हाले तं मुळीच नाही," सुलोचनाबाई म्हणाल्या, आणि दोघीही हसल्या.

सकाळी भुलाबाई नदीवर गेली. साऱ्या बाया, साऱ्या पोरी, वाजतगाजत. ओळीतलं एकही घर मागं राहिलं नाही. शोभाताईंनी पाण्यात हात सोडताना मनातल्या मनात सासूबाईंना सांगितलं, गेली वो तुमची लेक, चांगली नटूनसजून, गाण्यात न्हाऊन गेली. घरी आल्या, अंघोळ केली, देवापुढं दिवा लावला. मंजुषानं चहा दिला.

"आई, नागपूरच्या आत्याचे फोन येऊन राहिले. डब्यात काय होतं विचारते."

"तिले म्हण, पुढच्या वर्षी ये, मग ओळख."

चहा संपवून शोभाताईंनी पदर खोचला आणि कोपऱ्यातली टोपली उचलली. केवळरामच्या घरी ती परत द्यायची होती, आणि येताना अर्धा किलो शिंगाडे आणायचे होते.